सायकलीवरून इतिहासाकडे : पुण्याच्या पेठांतील एक मार्गदर्शित सफर

(शिक्षक, ग्रामपंचायत सदस्य व अधिकारी यांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा संपादित भाग)



जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या १२ किल्ल्यांना जागतिक वारशाच्या यादीत स्थान दिले. त्यांतील ११ किल्ले महाराष्ट्रातील असून बारावा तमिळनाडूतील जिंजी होय. ही वार्ता ऐकून प्रत्येक मराठी मनाला धन्यता वाटली, आणि ते स्वाभाविकही होते. तथापि, वारसा म्हणजे केवळ डोंगरमाथ्यावरचे तट आणि बुरूज नव्हेत. आपण रोज ज्या रस्त्याने कचेरीत किंवा शाळेत जातो, त्या रस्त्याच्या कडेला उभा असलेला चुन्याचा एखादा जुना खांब, चौकाला चिकटून राहिलेले एखाद्या हौदाचे नाव, आळीतून येणारा हातोडीचा आवाज, हाही वारसाच आहे. किल्ल्याची काळजी घेण्यास जग पुढे येईल. या खांबाची काळजी मात्र आपणच घ्यावयाची आहे. आणि जे आपण कधी पाहिलेलेच नाही, त्याची काळजी आपण घेणार तरी कशी?

म्हणूनच आज मी आपणांपुढे एक साधा विषय मांडणार आहे. जाणकार वाटाड्या सोबत घेऊन, सायकलीवरून, एखादे ऐतिहासिक शहर पाहणे, हा तो विषय होय. उदाहरण म्हणून मी पुणे शहर निवडले आहे. एके काळी या शहराची ओळखच सायकलींचे शहर अशी होती. ताशी भाड्याने सायकल देणारी दुकाने पेठोपेठी होती. दिव्याविना सायकल चालविणे किंवा 'डबलसीट' बसणे हा दंडास पात्र अपराध मानला जाई, आणि त्या दंडाच्या कथा घराघरांत सांगितल्या जात. आज त्या सायकलींची जागा स्वयंचलित दुचाकींनी घेतली आहे. महापालिकेने २०१७ मध्ये शहरासाठी सर्वंकष सायकल आराखडा तयार केला. त्याच सुमारास भाड्याच्या सायकलींच्या योजनाही आल्या, परंतु त्या फार काळ टिकल्या नाहीत. असे असूनही रविवारच्या पहाटे दहा-पंधरा सायकलस्वारांचा जथा शांतपणे पेठांतून जाताना दिसतो, तेव्हा एक गोष्ट निश्चितपणे जाणवते. या वाहनाचे काम अजून संपलेले नाही.

सायकलच का?

बसगाडीतून शहर पाहणाऱ्यास मोठी स्थळे दिसतात, परंतु स्थळांमधले शहर दिसत नाही. पेठांतील आळ्यांत बस शिरतच नाही. पायी चालणाऱ्यास बारकावे दिसतात, परंतु तीन तासांत त्याची मजल एक-दोन पेठांपलीकडे जात नाही. सायकल या दोहोंमधली आहे. ती बोळात शिरते, क्षणात थांबते, आवाज करीत नाही, आणि सकाळच्या तीन तासांत नदीच्या पलीकडील तीरापासून पर्वतीच्या पायथ्यापर्यंत सहज पोहोचविते.

याशिवाय सायकलीचा आणखी एक गुण आहे. शिक्षकांनी त्याकडे अवश्य लक्ष द्यावे. सायकल जमिनीचा चढउतार अंगाला शिकविते. नकाशावर न दिसणारा उतार गुडघ्यांना नेमका कळतो. पुढे मी पाण्याच्या नळाविषयी बोलणार आहे, तेव्हा या गोष्टीचे महत्त्व आपल्या ध्यानात येईल.

नदीपासून शनिवारवाड्यापर्यंत

या सफरीचा प्रारंभ जंगली महाराज रस्त्यावरील पाताळेश्वरापाशी करावा. आठव्या शतकातील, राष्ट्रकूट काळातले हे शैलमंदिर. एकाच कातळात खोदलेली लेणी आणि समोर वर्तुळाकार नंदीमंडप. पुण्याचा इतिहास पेशव्यांपासून सुरू होतो, असा ज्यांचा समज असतो, त्यांचा तो समज येथे पहिल्या दहा मिनिटांतच दूर होतो.

तेथून शिवाजी पुलावरून मुठा नदी ओलांडावी. पुलावर वाटाड्याने एक तारीख अवश्य सांगावी : १२ जुलै १९६१. त्या दिवशी पानशेतचे धरण फुटले, पाठोपाठ खडकवासल्याचे धरणही फुटले आणि नदीकाठच्या पेठांत पाणी शिरून असंख्य घरे व वाडे कोसळले. आज नदीकाठी जुने वाडे विरळ का दिसतात, या प्रश्नाच्या उत्तराचा मोठा भाग या एका दिवसात आहे.

पूल उतरला की शनिवारवाडा येतो. पहिल्या बाजीरावांनी १० जानेवारी १७३० रोजी त्याची पायाभरणी केली, आणि २२ जानेवारी १७३२ रोजी वास्तुशांत झाली. दोन्ही दिवस शनिवार होते. १७ नोव्हेंबर १८१७ रोजी त्यावर इंग्रजांचे निशाण चढले आणि २७ फेब्रुवारी १८२८ रोजी लागलेल्या आगीत आतील लाकडी इमारती भस्मसात झाल्या. उरले ते तट, दरवाजे, नगारखाना आणि आतील जोती. दिल्ली दरवाजावरील अणकुचीदार खिळे मुलांना हात लावून पाहू द्यावेत. हत्तीने दार फोडू नये म्हणून ते बसविलेले आहेत, हे एकदा कळले की मूल ते विसरत नाही.

येथे वाटाड्याची खरी कसोटी लागते. ३० ऑगस्ट १७७३ रोजी नारायणराव पेशव्यांचा या वाड्यात खून झाला, ही इतिहासाने नोंदविलेली घटना आहे. अमावास्येच्या रात्री त्यांची हाक ऐकू येते, ही लोकांत रुजलेली कथा आहे. दोन्ही गोष्टी सांगण्यास हरकत नाही. परंतु पहिली सांगताना 'असे घडले' आणि दुसरी सांगताना 'असे लोक म्हणतात' हे शब्द वापरले पाहिजेत. पलीकडेच असलेल्या लाल महालाबाबतही तसेच. ५ एप्रिल १६६३ च्या रात्री शिवाजी महाराजांनी शाहिस्तेखानावर छापा घातला तो लाल महालातच. परंतु आज दिसणारी वास्तू महापालिकेने १९८० च्या दशकात स्मारक म्हणून उभारलेली आहे. हे सांगितल्याने महाराजांच्या पराक्रमाला यत्किंचितही उणेपणा येत नाही. उलट, ऐकणाऱ्याचा वाटाड्यावर विश्वास बसतो. खरे सांगणाऱ्याचे पुढचे शब्दही खरे मानले जातात.

हातोडीचा आवाज

ग्रामदैवत कसबा गणपतीचे दर्शन घेऊन जथा तांबट आळीकडे वळतो. पेशवाईच्या काळात तांब्याची भांडी घडविणारे कारागीर येथे वसले. तांब्याच्या पत्र्यावर हातोडीने एकसारखे ठोके देऊन चकचकीत खळ्यांची नक्षी उठवायची, या कामाला 'मठार काम' म्हणतात. हे ठोके केवळ शोभेसाठी नसतात, त्यांनी पत्र्याला बळकटी येते. बंब, घंगाळ, हंडा ही ज्यांची नावेही नव्या पिढीला परकी झाली आहेत, ती भांडी याच हातोड्यांखाली आकाराला आली.

या आळीत सायकलीवरून उतरावे, हातात धरून चालावे, आणि कारागिराची परवानगी घेतल्याखेरीज छायाचित्र घेऊ नये. त्याचा वेळ हा त्याच्या रोजीचा भाग आहे. एखादे लहानसे भांडे विकत घेऊन निघणारा पाहुणा त्या कलेला भाषणांपेक्षा अधिक उपयोगी पडतो.

जवळच सोमवार पेठेत त्रिशुंड गणपतीचे मंदिर आहे. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात पूर्ण झालेल्या या दगडी देवळाच्या दर्शनी भिंतीवर गेंड्याचे आणि गोऱ्या शिपायांचे शिल्प आहे. आत संस्कृत लेखांबरोबर एक फारसी लेखही आहे. मोरावर बसलेला तीन सोंडांचा गणपती आणि त्याच्या देवळात दोन भाषांतील लेख, यातून त्या काळच्या पुण्याची जडणघडण एका दृष्टिक्षेपात समजते.

पुण्याचे दुसरे तीर्थ

अनेक सफरी शनिवारवाड्यापासून निघून विश्रामबागवाड्यापाशी संपतात. त्यांत पेशवाई दिसते, परंतु पुणे पुरते दिसत नाही. म्हणून मी आग्रहाने सांगेन की, जथा पूर्वीच्या गंज पेठेत, म्हणजे आताच्या महात्मा फुले पेठेत, गेलाच पाहिजे. तेथे जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांचे राहते घर आहे. १८६८ मध्ये जोतीरावांनी या घरचा पाण्याचा हौद अस्पृश्य मानल्या गेलेल्या बांधवांना खुला केला. २४ सप्टेंबर १८७३ रोजी त्यांनी पुण्यातच सत्यशोधक समाजाची स्थापना केली. सावित्रीबाईंनी प्लेगच्या रुग्णांची सेवा करताना १० मार्च १८९७ रोजी देह ठेवला.

तेथून मंडईकडे यावे. आठ बाजूंची ही दगडी वास्तू १८८६ मध्ये गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या नावाने सुरू झाली. जोतीराव १८७६ ते १८८२ या काळात पुणे नगरपालिकेचे सभासद होते. मंडईच्या इमारतीवर मोठा खर्च करण्यास त्यांचा विरोध होता. तो पैसा शिक्षणाकडे वळावा असे त्यांचे म्हणणे होते. पुढे त्याच मंडईला महात्मा फुले यांचे नाव देण्यात आले. पंचायतीच्या सदस्यांनी या प्रसंगाचा अवश्य विचार करावा. सभागृहात एकट्याने मांडलेले मतही काळाच्या ओघात वाया जात नाही.

मंडईपासून हाकेच्या अंतरावर, बुधवार पेठेत भिडेवाडा होता. 'होता' हा शब्द मी विचारपूर्वक वापरीत आहे. १८४८ मध्ये फुले दांपत्याने मुलींची शाळा जेथे सुरू केली, ती वास्तू अनेक वर्षे मोडकळीस आलेल्या अवस्थेत उभी होती. जागेचा वाद न्यायालयात गेला. नोव्हेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय झाला आणि डिसेंबर २०२३ मध्ये राष्ट्रीय स्मारकासाठी ती जीर्ण वास्तू उतरविण्यात आली. स्मारक भव्य होवो, अशी आपणा सर्वांचीच इच्छा आहे. परंतु ज्या पायऱ्यांवरून त्या पहिल्या मुली चढल्या असतील, त्या पायऱ्या आता कोणालाही दाखविता येणार नाहीत. वास्तू वेळीच सांभाळली नाही तर पुढे केवळ स्मारकच करता येते, हा धडा या जागी उभे राहिल्यावर जितका खोल रुजतो, तितका पुस्तकातून रुजत नाही.

पाण्याची वाट

तुळशीबागेतील राममंदिर आणि विश्रामबागवाडा पाहून जथा दक्षिणेकडे निघतो. विश्रामबागवाड्यात १८२१ मध्ये संस्कृत पाठशाळा सुरू झाली आणि तिच्यातूनच पुढे डेक्कन कॉलेज वाढले, हे शिक्षकमंडळींना सांगितले पाहिजे. येथून पर्वतीकडे जाताना सायकल जड होऊ लागते. कारण आपण चढावर असतो.

याच चढाच्या आधाराने पुण्याला एके काळी पाणी मिळत असे. नानासाहेब पेशव्यांच्या कारकिर्दीत, १७५० च्या सुमारास, कात्रजच्या तलावापासून शनिवारवाड्यापर्यंत सुमारे आठ-नऊ किलोमीटर लांबीचा दगडी बांधणीचा भुयारी नळ आणण्यात आला. मोट नाही, पंप नाही. केवळ जमिनीच्या उताराने पाणी वाहत येई. वाटेत ठिकठिकाणी उंच मनोरे बांधलेले होते. त्यांना 'उच्छ्वास' म्हणतात. नळात कोंडलेली हवा सुटावी आणि दाब फार वाढू नये, यासाठी ही योजना होती. शहरात हे पाणी हौदांत पडे. काळा हौद, बदामी हौद, फडके हौद ही नावे आजही चौकांना चिकटून आहेत. पाणी गेले, हौद गेले, नावे तेवढी राहिली.

हे समजावून देण्यास सायकलीइतके उत्तम साधन नाही. चढताना लागलेली धाप आणि परतताना पायडल न मारता घेतलेली धाव, हाच गुरुत्वाकर्षणाचा पाठ होय. एकाच फेरीत इतिहास, भूगोल आणि विज्ञान या तीनही विषयांची गाठ पडते. परंतु हे उच्छ्वास कोणाच्या कुंपणात अडकले आहेत, कोठे काँक्रीटखाली गेले आहेत. जे उरले आहेत त्यांच्याशेजारी एक पाटी असती, तर निदान ते पाडणाऱ्याचा हात क्षणभर तरी थांबला असता.

सफरीचा शेवट पर्वतीवर. १०३ पायऱ्या चढून गेल्यावर नानासाहेबांनी १७४९ मध्ये बांधविलेले देवदेवेश्वराचे मंदिर आणि खाली पसरलेले सारे शहर. पानिपतच्या आघातानंतर २३ जून १७६१ रोजी नानासाहेबांचा मृत्यू येथेच झाला. ज्या वाटेने आपण आलो, ती सारी वाट येथून बोटाने दाखविता येते.

वाडे का पडतात?

ही सफर करणारे अनेक जण विचारतात की, वाड्यांचे मालक वाडे सांभाळीत का नाहीत? मालकांना दोष देणे सोपे आहे, परंतु ते न्याय्य नाही. १९४७ च्या भाडे नियंत्रण कायद्यानंतर अनेक वाड्यांतील भाडी दशकानुदशके जवळजवळ गोठून राहिली. महिन्याच्या भाड्यातून एका खिडकीची दुरुस्तीही होईना. वारसांची संख्या वाढत गेली, सर्वांची संमती मिळणे दुर्घट झाले, सागवान महागले आणि लाकूडकाम जाणणारे सुतार कमी झाले. शिवाय जागेचे मोल वास्तूच्या मोलापेक्षा शतपटीने वाढले. अशा स्थितीत भावनेने वाडा टिकत नाही. त्याला उत्पन्नाचा आधार लागतो. पाहुण्यांना चौक दाखविणे, सोप्यात न्याहारीची सोय करणे, एखादे दालन अभ्यासवर्गासाठी देणे, अशा लहान लहान गोष्टींतून तो आधार काही अंशी मिळू शकतो. सायकल सफरीचे आर्थिक महत्त्व ते हेच.

काही व्यवहाराच्या गोष्टी

अशा सफरीची आखणी करणाऱ्यांनी काही पथ्ये पाळावीत. जथ्यात पंधरापेक्षा अधिक जण नसावेत. वाटाड्या सर्वांत पुढे आणि एक अनुभवी स्वार सर्वांत मागे असावा. मधल्या कोणालाही त्यांच्या पुढे वा मागे जाऊ देऊ नये. सकाळी सहाला निघून नऊपर्यंत परतावे, कारण त्यानंतर पेठांतील रहदारी सायकलीला जागा देत नाही. रांग एकेरी असावी. एकेरी वाहतुकीच्या रस्त्यावर उलट दिशेने जाणे असेल तर उतरून सायकल हाती धरावी. शिरस्त्राण, हवा भरण्याचा पंप, पंक्चर काढण्याचे साहित्य आणि प्रथमोपचाराची पेटी सोबत असावी. थांबे दहाच्या आत ठेवावेत, आणि एका थांब्यावर दहा मिनिटांपेक्षा अधिक बोलू नये. वाटाड्याला मोबदला ठरवून द्यावा. इतिहास सांगणे हे कौशल्याचे काम आहे, ते फुकट करून घेण्याची सवय बरी नव्हे.

आपल्या गावी काय करता येईल?

येथे बसलेल्यांपैकी बहुतेकांच्या गावी शनिवारवाडा नाही, हे मी जाणतो. परंतु वीरगळ नाही, बारव नाही, जुनी वेस नाही, पडका गढीवाडा नाही, असे गाव महाराष्ट्रात शोधूनच काढावे लागेल. १९९३ पासून अमलात आलेल्या ७३ व्या घटनादुरुस्तीने जी अकरावी अनुसूची जोडली, तीमधील २९ विषयांत सांस्कृतिक कार्याचा समावेश आहे. संमिश्र संस्कृतीच्या समृद्ध वारशाचे मोल जाणून तो जतन करणे हे तर संविधानाने प्रत्येक नागरिकाचे मूलभूत कर्तव्य ठरविले आहे. म्हणजे अधिकार आहे आणि कर्तव्यही आहे. प्रश्न आरंभाचा आहे.

आरंभ पुढीलप्रमाणे करता येईल. शाळेतील मुलांकडून गावातील जुन्या वस्तू व वास्तूंची यादी करावी. प्रत्येकीची लांबीरुंदी, छायाचित्र आणि वृद्धांकडून ऐकलेली माहिती एका नोंदवहीत घ्यावी. 'लिहिलेले' आणि 'ऐकलेले' असे दोन रकाने वेगळे ठेवावेत. ती नोंदवही ग्रामसभेपुढे मांडावी. वीरगळांना तेलरंग फासू नये. बारवेतील गाळ काढताना पायऱ्यांचे चिरे हलवू नयेत. पाच-सहा गावे मिळून दहा-बारा किलोमीटरचा एक सायकलमार्ग आखावा आणि गावातील दोन-तीन तरुण-तरुणींना वाटाडे म्हणून तयार करावे. मानव विकास कार्यक्रमांतर्गत अनेक तालुक्यांतील शाळकरी मुलींना सायकली मिळाल्या आहेत. शाळेत जाण्यासाठी मिळालेली ती सायकल महिन्यातून एका रविवारी गावाचा इतिहास शोधण्यासाठी बाहेर पडली, तर सावित्रीबाईंनी सुरू केलेल्या कार्याचे ते एक पुढचे पाऊल ठरेल.

मित्रहो, वारसा सांभाळण्याची पहिली पायरी निधी नव्हे, कायदा नव्हे, तर ओळख होय. ज्या मुलाने उच्छ्वासाला हात लावून पाहिला आहे, ते मूल उद्या अभियंता झाले तर रस्ता रुंद करताना त्या खांबाला वळसा घालील. सरपंच झाले तर बारव बुजविण्याच्या ठरावावर सही करण्यापूर्वी विचार करील. अशी मुले घडविणे आपल्या हाती आहे, आणि त्यासाठी लागणारे साहित्य म्हणजे एक सायकल, एक जाणकार सोबती आणि रविवारची एक सकाळ. एवढे आपल्यापैकी प्रत्येक गावाला परवडण्यासारखे आहे.

जय हिंद! जय महाराष्ट्र!